पडली की पाडली?

(मंडळाच्या वर्धापनदिनाच्या सभेत केलेले भाषण)



दरवर्षी या दिवशी आपल्यातली कुणीतरी एक उठून चार शब्द बोलते. मागे एकदा पापडाच्या हिशेबावर बोलणे झाले, एकदा बचतगटाच्या कर्जावर. यंदा सेक्रेटरीबाईंनी माझे नाव घातले. मी म्हटले, अहो, मी सातवी शिकलेली, मी कशावर बोलू? त्या म्हणाल्या, जे तुम्हाला ठाऊक आहे त्यावर बोला. आता मला ठाऊक असलेल्या गोष्टी थोड्याच. त्यांतली एक मला फार उशिरा कळली आणि तिची किंमत माझ्या भाचीने भरली. तीच सांगते. भाचीला विचारून सांगते आहे. तिचे नाव, गाव, दवाखाना, काही विचारू नका.

विषय आहे दवाखान्यातल्या कागदाचा. मारहाण झालेली बाई पहिल्यांदा दवाखान्यात जाते त्या कागदाचा तर आहेच, पण त्याहून जास्त दुसऱ्या आणि तिसऱ्या खेपेच्या कागदाचा.

कागद म्हणजे काय चीज आहे हे आपल्या भागातल्या माणसांना वेगळे सांगायला नको. सातबाऱ्यावर नाव होते त्याला जमिनीचा मोबदला मिळाला; पिढ्यान्‌पिढ्या मिठागरात राबला पण कागदावर नव्हता, तो हात हलवत राहिला. १९८४ च्या जानेवारीत दि. बा. पाटीलसाहेबांच्या मागे आपली माणसे रस्त्यावर उतरली, पाच जण गोळीबारात गेले, ते कशासाठी? जमिनीच्या योग्य मोलासाठी आणि ते कागदावर यावे म्हणून. पुढे साडेबारा टक्क्यांच्या भूखंडासाठी घरोघर किती पेट्या उपसल्या ते आपण पाहिले आहे. आजही आपल्या दारावरून रोज कंटेनर जातात. आत काय आहे हे कुणी वाटेत उघडून बघत नाही. कागदावर लिहिले असेल तेच आत आहे असे धरून चालतात. जमिनीच्या कागदाला इतके जपणाऱ्या आम्ही बायका, पण आमच्याच अंगावरच्या जखमेचा कागद मात्र ओट्यावर तेलाच्या बरणीखाली घालतो.

२०२१ सालच्या गणपतीतली गोष्ट. गौरी यायच्या आदल्या दिवशी माझ्या बहिणीच्या मुलीच्या घरी भांडण झाले. कशावरून ते सांगण्यासारखे नाही, म्हणजे सांगण्याइतके मोठे नाही. नवऱ्याने तिला जिन्याजवळ ढकलले. ती तीन पायऱ्या खाली गेली आणि सगळा भार उजव्या तळव्यावर आला. मी नेमकी गौरीचे सामान घेऊन तिच्याकडे गेले होते. मनगट सुजलेले, दंडावर बोटांचे वळ. मी तिला रिक्षात घातले आणि दवाखान्यात नेले. डॉक्टरांनी विचारले, काय झाले? तिने माझ्याकडे पाहिले. आणि बायांनो, मी म्हटले, “पडली. जिन्यावरून पडली.”

ती बोलली नाही, मी बोलले. सण होता, तिच्या सासरची माणसे भली म्हणून गावात मान होता, धाकट्या नणंदेचे लग्न ठरायचे होते. एवढे सगळे माझ्या डोक्यात त्या एका क्षणात कसे आले देव जाणे. खोटे बोलले असेही मला तेव्हा वाटले नाही. ती पडलीच होती ना! डॉक्टरांनी इंग्रजीत एक शब्द लिहिला, क्ष-किरण फोटो काढला, हाड मोडलेले दिसत नाही म्हणाले, पट्टी बांधली, गोळ्या दिल्या आणि दुखले तर दहा-बारा दिवसांनी या म्हणून सांगितले.

दुखत होतेच. बाराव्या दिवशी मीच तिला परत नेले. या वेळी डॉक्टर दुसरे होते. त्यांनी पुन्हा फोटो काढला आणि मनगटात एक बारीक भेग दाखवली. तिथे अंगठ्याच्या बाजूला एक लहानसे हाड असते, होडीच्या आकाराचे. त्याची भेग पुष्कळदा पहिल्या फोटोत दिसत नाही. दहा ते चौदा दिवसांनी फोटो काढला तर दिसते. त्या हाडाला रक्त कमी पोचते म्हणून ते जुळायलाही वेळ घेते. दहा आठवडे प्लॅस्टर राहिले. त्या दिवशी दंडावरचे वळ पिवळे पडले होते, डॉक्टरांना दिसत होते, पण त्यांनी जुना कागद पाहिला आणि तोच शब्द खाली उतरवला. तिसऱ्या खेपेला तिसऱ्याने तोच. तीन कागद, तीन सह्या आणि एक शब्द. तो शब्द माझा.

पुढल्या वर्षी तिला पुन्हा मार बसला आणि ती माहेरी आली. घरगुती हिंसाचाराच्या कायद्याखाली अर्ज केला. दरमहा खर्च मिळण्याचा हुकूम झाला, ते ठीकच. पण हाताच्या औषधपाण्याचा खर्च आणि दुखापतीची भरपाई मागितली तेव्हा समोरच्या वकिलांनी ते तीन कागद पुढे केले. मी साक्षीला होते. उलटतपासणीत त्यांनी मला विचारले, “बाई, दवाखान्यात काय झाले ते कुणी सांगितले?” मी म्हटले, “मी.” “काय सांगितलेत?” मी म्हटले, “पडली.” त्यांनी पुढे काही विचारले नाही. त्यांचे काम झाले होते. ती मागणी तेथेच अडली. औषधांच्या पावत्याही अर्ध्या नव्हत्या, कारण त्या मी दिवाळीच्या साफसफाईत रद्दीत घातल्या होत्या.

मराठीत पडली आणि पाडली यांत एका कान्याचा फरक. तो काना मी गिळला.

आता दुसऱ्या मुलीचे सांगते. माझ्या धाकट्या जावेची मुलगी ऐरोलीला एका कंपनीत कामाला आहे. संध्याकाळी गाडी न्यायला येते, पहाटे सोडते. पहिल्यांदा आळीत कुजबुज झाली, ती काय काम करते म्हणून. तिच्या आईलाही नीट सांगता येत नसे. कोर्टातून आल्यावर मी रडले तेव्हा ही पोरगी जवळ बसली आणि म्हणाली, “काकी, मी रात्रभर हेच करते.” मी म्हटले, काय करतेस? म्हणाली, “कुणाला काय लागले आणि कशाने लागले, त्याचे आकडे लिहिते.”

तिने दिनदर्शिकेच्या पाठीवर मला समजावले. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद इथे संगणकावर दिसतात. डॉक्टरने लिहिलेले वाचायचे आणि त्याला ठरलेला आकडा लावायचा. त्या आकड्यावर विमा कंपनी दवाखान्याचे पैसे देते. आकडा चुकला तर पैसे अडतात, म्हणून हिच्या कामाची तपासणी होते. कागद ती घरी आणत नाही, नावे सांगत नाही. तसा तिकडचा कडक कायदा आहे. आकड्यांचे मूळ पुस्तक जागतिक आरोग्य संघटनेचे. त्याची सुरुवात १८९३ सालची, मेलेल्या माणसांची कारणे मोजण्यासाठी केलेल्या यादीपासून. आपल्याकडेही मृत्यूचे कारण नोंदवताना त्याच पुस्तकाचे आकडे लावतात. अमेरिकेने त्याची आपली फोड केली, ती १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथे चालू आहे.

मनगटाच्या त्या होडीसारख्या हाडाची मोड ‘एस-६२’ या घरात येते. आकड्याच्या शेवटी, सातव्या जागी, एक अक्षर लावायचे असते. मोडीवर मुख्य इलाज चालू आहे तोवर ‘ए’. इलाज होऊन नुसते भरून येते आहे, डॉक्टर बघायला बोलावतात, ती पुढची खेप म्हणजे ‘डी’. हाड जुळायला उशीर होत असेल तर ‘जी’, जुळलेच नाही तर ‘के’, वाकडे जुळले तर ‘पी’. आणि जखम भरली पण मागे काही दुखणे ठेवून गेली तर ‘एस’. मला ही अक्षरे ऐकून बरे वाटले. हाडाचे सुद्धा कुणीतरी इतके बारीक पुसते तर!

पण काय मोडले याच्या जोडीला दुसरा आकडा असतो, तो कशाने मोडले याचा. पायरीवरून पडले तर ‘डब्ल्यू-१०’. दुसऱ्याने हाताने मारले, ढकलले, आपटले तर ‘वाय’च्या घरातले आकडे. आणि हा दुसरा आकडा पहिल्या खेपेला लावून संपत नाही. त्या जखमेसाठी बाई जितक्या वेळा येईल तितक्या वेळा तो लावायचा आणि त्यालाही तेच शेवटचे अक्षर. म्हणजे दोन महिन्यांनी बाई नुसते प्लॅस्टर काढायला आली तरी कागद सांगतो, हे हाड माराने मोडले होते. मारणारा कोण याचाही आकडा आहे. नवऱ्याला स्वतःचा वेगळा आकडा आहे. मी विचारले, सासूला? म्हणाली, “सासूला नाही काकी, ती घरातले इतर यांत येते.” तेवढ्या रडण्यात मला हसू आले.

मग मी मुद्द्याचे विचारले. म्हटले, समज डॉक्टरने लिहिलेच नाही, पडली की पाडली ते, तर तू काय करतेस? तुला दिसत असेल ना, दंडावर बोटांचे वळ आहेत म्हणून? ती म्हणाली, “काकी, मला माझ्या मनाचे काही लिहिता येत नाही. डॉक्टरने लिहिले तेवढेच. आणि कसे झाले ते लिहिलेच नसेल तर नियम असा आहे की अपघात धरायचा.”

हे ऐकून मी गप्पच झाले. अमेरिकेतल्या बाईचा कागद ऐरोलीला वाचला जातो, तिच्यावर हजारो कोसांवरून कुणाचा राग नाही, लोभ नाही, आणि तरीसुद्धा ती गप्प राहिली तर लिहिणारीला अपघातच लिहावा लागतो. मग आपल्या तालुक्यात, जिथे डॉक्टर सासऱ्यांना ओळखतात, तिथे गप्प राहिलेल्या बाईचे काय होणार? आपण समजतो, काही बोललो नाही म्हणजे पाटी कोरी राहिली. पाटी कोरी राहत नाही. तिच्यावर अपघात लिहिला जातो.

२०१९ ते २०२१ मध्ये देशभर जी राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणी झाली, तिच्यात लग्न झालेल्या १८ ते ४९ वयाच्या शंभर बायांमागे सुमारे २९ जणींनी नवऱ्याची मारहाण वा जबरदस्ती कधी ना कधी सोसल्याचे सांगितले. आणि ज्यांनी हिंसा सोसली त्यांच्यात शंभरांतल्या ७७ जणींनी ना मदत मागितली ना कुणाजवळ बोलल्या. त्यातल्या कितीजणी दवाखान्यात जाऊन ‘पडले’ म्हणाल्या असतील याचा अंदाज आपला आपण करावा. या सभागृहातल्या खुर्च्या मोजायला मी सांगत नाही.

आता कायद्याचे. भाचीच्या वकीलबाईंनी मला हे समजावून दिले, तेव्हा जसे कळले तसे सांगते. दुखापत दोन प्रकारची, साधी आणि जबर. हाड मोडले, सांधा निखळला किंवा दात पडला तर ती जबर. म्हणजे बघा, पहिल्या खेपेच्या कागदाने माझ्या भाचीची दुखापत साधी होती, फोटोत काही नव्हते. बाराव्या दिवशीच्या फोटोने ती जबर झाली. ती दुसऱ्यांदा गेलीच नसती तर मनगट आयुष्यभर दुखले असते आणि कागदावर राहिली असती नुसती एक सूज.

हाड मोडले नाही तरी दुसरी एक वाट आहे. जुन्या दंडसंहितेत असे होते की ज्या दुखापतीने माणूस वीस दिवस असह्य वेदनेत राहील किंवा आपली नेहमीची कामे करू शकणार नाही ती जबर दुखापत. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आली, तिच्या ११६ व्या कलमात वीसचे पंधरा दिवस झाले. हे पंधरा दिवस कोण मोजणार? पहिल्या दिवसाचा कागद कसा मोजेल? ते सोळाव्या दिवसाच्या कागदानेच मोजायचे. म्हणून डॉक्टर म्हणाले आठ दिवसांनी या, तर आठ दिवसांनी जायचे, आणि बरे नसेल तर पंधरा दिवसांनंतर पुन्हा जायचे.

आणि तिथे गेल्यावर काय सांगतो आपण? “दुखतंय थोडं.” बस. डॉक्टर लिहितात, दुखणे आहे. भगिनींनो, कायदा विचारतो, नेहमीची कामे करता येतात का? आपली नेहमीची कामे कोणती हे आपण कामात धरतच नाही! भाकरी थापता येत नाही, हे सांगा. कळशी उचलता येत नाही, मासळी साफ करता येत नाही, पोराची वेणी घालता येत नाही, रात्री कुशीवर झोपता येत नाही, हे सांगा आणि म्हणा, डॉक्टर, हे लिहा. माझी भाची अडीच महिने डाव्या हाताने जेवली. हे एकाही कागदात नाही. तिसऱ्या खेपेच्या कागदावर लिहिले आहे, बरे वाटत आहे.

मुका मारही असाच फसवा. पहिल्या दिवशी अंगावर काही दिसत नाही, खोलवरचे रक्त एक-दोन दिवसांनी वर येते, मग निळे, हिरवट, पिवळे होत जाते. पहिल्या दिवशी डॉक्टरांनी प्रामाणिकपणे लिहिले की काही खूण नाही आणि तिसऱ्या दिवशी पाठ काळीनिळी झाली तर बाई म्हणते, आता काय, कागद तर झाला. नाही, तेव्हाच परत जायचे.

एक शंका मला स्वतःला होती. पहिल्यांदा ‘पडले’ सांगून बसलो, आता दुसऱ्यांदा खरे सांगितले तर खोटे पडू. वकीलबाई म्हणाल्या, दुसऱ्या खेपेला सांगायचे, की मागच्या वेळी भीतीने असे सांगितले, खरे असे झाले. डॉक्टर त्या दिवसाची तारीख घालून बाईने सांगितले म्हणून लिहितात. जुन्या कागदावर खाडाखोड करायला मात्र कधी सांगू नये. उशिरा सांगितलेले खरे थोडे लंगडे चालते, पण चालते. आम्हाला दोन वेळा संधी होती. दोन्ही वेळा मी शेजारी बसून होते.

सरकारी इस्पितळात मारहाण सांगितली की एम.एल.सी. करतात. या तीन अक्षरांना आपण फार भितो. पोलीस दारात येतील, नवऱ्याला उचलतील, असे वाटते. इस्पितळाच्या वहीत नोंद होते, तिला क्रमांक पडतो आणि पोलिसांना कळवतात. आपण तक्रार लिहून द्यायची की नाही हे त्या बाईने ठरवायचे. पण तो क्रमांक आपल्या केसपेपरवर लिहून घ्यावा आणि पुढल्या खेपेला नवा केसपेपर काढला तर त्यावरही लिहायला लावावा. नाहीतर दर खेपेचा कागद पोरका होतो. आणि कुणी म्हणाले, ही पोलीस केस आहे, आधी तिकडे जा, तर ऐकू नये. १९८९ साली, आपले बंदर सुरू झाले त्याच साली, सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवले आहे की डॉक्टर सरकारी असो की खासगी, जखमी माणसावर आधी इलाज करायचा, बाकीचे सोपस्कार मागून.

घरगुती हिंसाचाराचा कायदा २००५ चा. २६ ऑक्टोबर २००६ पासून तो चालू झाला. त्याच्या नियमांत दवाखान्याविषयी तीन गोष्टी आहेत. बाईने आधी कुठे तक्रार केली नाही म्हणून इलाज नाकारता येत नाही. घटनेचा अहवाल आधी झालेला नसेल तर दवाखान्याने तो भरून संरक्षण अधिकाऱ्याकडे पाठवायचा. आणि तपासणीच्या अहवालाची प्रत बाईला फुकट द्यायची. ही प्रत मागायला लाजू नका. त्याच कायद्यात औषधपाण्याचा खर्च मागता येतो, म्हणून पावत्या रद्दीत घालू नका. हे सांगणारी कोण ते तुम्हाला आता ठाऊकच आहे.

सगळीकडे अंधारच आहे असे नाही. मुंबईत वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात २००० साली महानगरपालिकेने आणि सेहत या संस्थेने मिळून ‘दिलासा’ नावाचे केंद्र काढले. मार खाल्लेल्या बायांसाठी, आणि तेही इस्पितळातच. पुढे पालिकेच्या आणखी रुग्णालयांत तशी केंद्रे झाली. तिथल्या डॉक्टरांना, परिचारिकांना शिकवले की विषप्राशन, भाजणे, पुन्हापुन्हा होणारे ‘पडणे’ असे काही आले की हळू आवाजात, बाई एकटी असताना, विचारायचे. आणि इस्पितळातच का, तर त्याचे कारण मला फार पटले. पोलीस चौकीत जाते म्हटले तर बाईला कुणी घराबाहेर सोडणार नाही, पण पट्टी बदलायला जाते म्हटले तर सोडावेच लागते. दुसऱ्या खेपेची तारीख ही आपली घराबाहेर पडण्याची चिठ्ठी आहे, डॉक्टरच्या सहीची. त्या दिवशी सासूबाई किंवा नवरा बरोबर येऊ बघतात. तेव्हा मंडळातली एखादी बरोबर जावी. आणि हे मी माझ्यावरून सांगते, बरोबर जाणारीने डॉक्टरांसमोर तोंड उघडू नये. काय झाले ते जिला झाले तिने सांगावे. तिला सांगता येत नसेल तर डॉक्टरांना म्हणावे, मी बाहेर बसते, तुम्ही हिच्याशी बोला.

आता कुणी म्हणेल, ही बाई घरे मोडायला शिकवते. मला हे तोंडावर म्हणून झालेले आहे, आमच्याच घरात. मी एवढेच म्हणते की कागद केला म्हणजे कोर्टात गेलो असे नाही. भाचीने कागद केला असता आणि नवरा सुधारला असता तर तो कागद पेटीत पडून राहिला असता, जसे आपल्या सासऱ्यांचे कितीतरी कागद पेटीत पडून आहेत. कुणाचे काही वाईट झाले नसते. आणि अडचणीच्या वेळी ११२ ला फोन करावा, बायकांसाठी १८१ आहे; २०१५ पासून सरकारची वन स्टॉप सेंटरची योजना आहे, तिथे दवाखाना, पोलीस, वकील, राहणे यांची एका जागी सोय करतात. हे नंबर आपल्या फळ्यावर खडूने लिहिले होते, ते पुसले गेले. आज कुणीतरी रंगाने लिहावेत.

भाचीचे आता बरे चालले आहे. शिवणाचे काम करते. थंडी पडली किंवा पावसाळी हवा झाली की मनगट धरून बसते, कात्री जड वाटते. जावेच्या मुलीला मी विचारले, याला तुमच्यात काय अक्षर? म्हणाली, “एस, काकी.”

शेवटी एक विनंती आहे, आणि अध्यक्षबाईंनी ती आजच मान्य करावी. कागद केला, प्रत घेतली, पण ठेवायची कुठे हा खरा प्रश्न आहे. घरात ठेवला तर फाडला जातो. फोटो काढून मोबाइलमध्ये ठेवा म्हणतात, पण पुष्कळ घरांत बाईच्या मोबाइलचा नंबर जुळवून उघडणारा नवराच असतो. माहेर लांब असते, आणि माहेरी सगळ्यांनाच सांगितलेले असते असेही नाही. आपल्या मंडळाच्या लोखंडी कपाटाचा खालचा खण रिकामा आहे. मागल्या वर्षीच्या रांगोळीच्या चाळण्या तेवढ्या आहेत, त्या मी आज सकाळी वर ठेवल्या. जिला पाहिजे तिने आपला कागद बंद पाकिटात घालून, वर नाव न घालता एखादी खूण करून, तिथे ठेवावा. कुणी कुणाचे पाकीट उघडू नये. त्या खणाच्या दोन किल्ल्या असाव्यात, एक अध्यक्षबाईंकडे आणि एक शिवणवर्गाच्या बाईंकडे, म्हणजे कुणी कपाटापाशी गेलेले दिसले तरी दोरा-बिरा घ्यायला गेली असे वाटेल. कुलूप मी आणले आहे.